महावृक्षांचा सखा

जॉन म्यूर यांचा जन्म २१ एप्रिल १८३८ रोजी स्कॉटलंडमधील डनबार या समुद्रकाठच्या गावी झाला. १८४९ साली त्यांचे कुटुंब अमेरिकेत जाऊन विस्कॉन्सिन प्रांतात शेती करू लागले. जॉन यांचे बालपण शेतातील कष्टांत गेले. परंतु भल्या पहाटे उठून वाचन करण्याचा व लाकडाची यंत्रे बनविण्याचा छंद त्यांनी सोडला नाही.

१८६७ साली एका कारखान्यात काम करीत असता कानशीचे टोक त्यांच्या उजव्या डोळ्यात शिरले. कित्येक आठवडे त्यांना अंधाऱ्या खोलीत पडून राहावे लागले. दैवाने दृष्टी परत आली, तेव्हा त्यांनी कारखान्यास रामराम ठोकला. त्याच वर्षी सुमारे १,००० मैल पायी चालून ते फ्लॉरिडाच्या किनाऱ्यास पोहोचले आणि १८६८ साली कॅलिफोर्नियात आले.

तेथील सिएरा नेवाडा पर्वताच्या पश्चिम उतारावर रेडवुडच्या कुळातील सेक्वोया नावाचे प्रचंड वृक्ष आहेत. त्यांतील सर्वांत मोठा वृक्ष सुमारे २७५ फूट उंच असून जमिनीलगत त्याचा घेर १०० फुटांहून अधिक आहे. मुलांनो, तुमच्यापैकी वीस जणांनी हात पसरून एकमेकांचे हात धरले, तरच त्यास वेढा पडेल! तोडलेल्या एका बुंध्यावरील वर्तुळे मोजली असता तो ३,२०० वर्षांहून अधिक जगल्याचे आढळले. एवढे दीर्घायुष्य त्यांस कशामुळे लाभते? त्यांची साल दीड-दोन फूट जाड असते. हिरड्यात असते तसले तुरट द्रव्य त्यांच्या सालीत व लाकडात असल्यामुळे कीड आणि बुरशी सहसा लागत नाही. लहानसहान वणवे तर त्यांस उपकारकच ठरतात. उष्णतेने फळे उकलतात आणि भाताच्या दाण्याहूनही लहान असे बी मोकळ्या झालेल्या मातीत रुजते.

१८७५ साली म्यूर एक खेचर सोबत घेऊन या वनांतून एकटेच हिंडले. जो वृक्ष आगीस दाद देत नाही, तो करवतीपुढे मात्र पडत होता. सेक्वोयाचे लाकूड ठिसूळ. वृक्ष कोसळताच त्याचा बराचसा भाग फुटून वाया जाई. उरलेल्याचे कुंपणाचे खांब आणि छपराच्या फळ्या होत. हजारो वर्षांच्या आयुष्याची ती किंमत! म्यूर यांनी लेखणी हाती घेतली आणि वनांच्या रक्षणासाठी वृत्तपत्रांतून व मासिकांतून ते सतत लिहीत राहिले. १८९० साली सेक्वोया व योसेमिटी ही राष्ट्रीय उद्याने स्थापन झाली. १८९२ साली निघालेल्या सिएरा क्लब या संस्थेचे ते अखेरपर्यंत अध्यक्ष होते.

१९०३ च्या मे महिन्यात राष्ट्राध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट त्यांच्यासह तीन रात्री रानात राहिले. पहिली रात्र सेक्वोयांच्या मारिपोसा वनात, उघड्या आभाळाखाली. हे वन तेव्हा प्रांतिक सरकारच्या ताब्यात होते. १९०६ साली ते राष्ट्रीय उद्यानात आले. १९०८ साली किनाऱ्याजवळील एका रेडवुड वनास म्यूर यांचे नाव देण्यात आले. मात्र योसेमिटीतील हेच हेची हे खोरे धरणाच्या पाण्यापासून वाचविण्यात त्यांना यश आले नाही. १९१३ साली धरणास संमती मिळाली. पुढील वर्षी, २४ डिसेंबर १९१४ रोजी, लॉस एंजेलिस येथे त्यांचे निधन झाले.

प्रत्येक आग विझविण्याच्या रीतीमुळे वनांत सुका पालापाचोळा साचत गेला. २०२० व २०२१ सालच्या भयंकर वणव्यांत हजारो मोठे सेक्वोया जळून मेले. तेथील वनरक्षक योग्य ऋतू पाहून स्वतःच लहान आगी लावतात.