कच्च्या सफरचंदाचा डॉक्टर

१९०० सालचा जानेवारी महिना. झ्युरिकमधल्या डॉक्टरांच्या संस्थेपुढे बत्तीस वर्षांचा एक डॉक्टर आहारावर व्याख्यान द्यायला उभा राहिला. नाव माक्सिमिलियन बिर्खर-बेनर. त्याचं म्हणणं थोडक्यात असं : कच्ची फळं आणि कच्च्या भाज्या म्हणजे जेवणातली शोभा नव्हे, ते अन्नातलं सर्वांत मोलाचं अन्न आहे, त्यांनी आजारी माणसं बरी होतात, आणि मांसाला आपण उगाचच ताटात मानाची जागा दिली आहे. व्याख्यान संपलं आणि समोरच्या ज्येष्ठांनी निकाल दिला की, या माणसाने विज्ञानाची हद्द सोडली आहे.

तो निकाल देणारे अडाणी नव्हते, हे आधी सांगायला हवं. त्या काळी अन्नाचं मोल दोनच मापांनी ठरे : प्रथिनं किती आणि उष्मांक किती. म्युनिकचे कार्ल फॉन फॉइट यांनी कष्टकरी माणसाला रोज ११८ ग्रॅम प्रथिनं हवीत असा हिशेब मांडला होता आणि युरोपभर तो प्रमाण मानला जाई. या मापाने सफरचंद तोलून पाहा. १०० ग्रॅम सफरचंदात सुमारे ८५ ग्रॅम पाणी, प्रथिनं अर्धा ग्रॅमही नाहीत. हिरव्या पानांत तर उष्मांक त्याहूनही कमी. ‘जीवनसत्त्व’ हा शब्दच अजून जन्माला आला नव्हता. तेव्हा ज्याच्यात मोजण्याजोगं काहीच नाही, त्याला औषध म्हणणारा माणूस डॉक्टरांना भोंदू वाटला तर नवल नाही.

आज आपण भाजलेल्या भोपळ्यावर सफरचंदाच्या फोडी घालतो, वर दाटसर दह्याचं ड्रेसिंग ओततो आणि त्याला पौष्टिक जेवण म्हणतो. फळं-भाज्यांच्या थाळीला ही प्रतिष्ठा मिळवून देणाऱ्यांमध्ये या डॉक्टरांचा वाटा मोठा आहे. गंमत अशी की, भाजण्याला मात्र त्यांनी नाक मुरडलं असतं.

बिर्खर यांचा जन्म २२ ऑगस्ट १८६७ चा, स्वित्झर्लंडमधल्या आराऊ गावचा. वैद्यकीचं शिक्षण त्यांनी झ्युरिकमध्ये घेतलं आणि १८९१ मध्ये त्याच शहरातल्या कामगारवस्तीत दवाखाना थाटला. पुढे एलिझाबेथ बेनर यांच्याशी लग्न झालं आणि तिकडच्या रीतीप्रमाणे पत्नीचं माहेरचं आडनाव त्यांच्या नावाला जोडलं गेलं. दवाखाना सुरू झाल्यावर थोड्याच काळात त्यांना स्वतःलाच कावीळ झाली. अन्न जाईना. कच्च्या सफरचंदाचे तुकडे मात्र पोटात राहिले आणि त्यांवरच आपण उठलो, अशी त्यांची पक्की समजूत झाली. काही प्रकारची कावीळ आपोआपच उतरते, हे आजचा कोणताही डॉक्टर सांगेल. एका माणसाच्या अनुभवावरून उपचार सिद्ध होत नाही.

त्यांच्या आयुष्याला खरं वळण दिलं ते एका रुग्ण बाईने. पोटाच्या जुनाट विकाराने ती इतकी खंगली होती की, मऊ शिजवलेलं, त्या काळच्या नियमाप्रमाणे पचायला हलकं असलेलं काहीही तिला पचत नव्हतं. सगळे उपाय थकले. तेव्हा शाकाहाराचा पुरस्कार करणाऱ्या एकाने कच्चं अन्न देऊन पाहा, असं सुचवलं. ही सूचना शिकवलेल्या प्रत्येक गोष्टीच्या विरुद्ध होती. आजारी पोटाला कच्चं देणं म्हणजे आगीत तेल! तरी बिर्खर-बेनर यांनी ते दिलं, आणि बाई सुधारू लागली. इथे अनेक डॉक्टर योगायोग म्हणून पुढे गेले असते. यांनी मात्र इतर रुग्णांवर तेच करून पाहिलं, स्वतःवर केलं, घरच्यांवर केलं आणि पाच वर्षांनी ते व्याख्यान दिलं.

स्वतःच्या व्यवसायबंधूंनी दार लावून घेतलं, तरी ते मागे फिरले नाहीत. १९०४ मध्ये झ्युरिकबर्ग टेकडीवर त्यांनी मोठं आरोग्यधाम उघडलं आणि त्याला ‘जिवंत शक्ती’ अशा अर्थाचं जर्मन नाव दिलं. तिथली शिस्त कडक. पहाटे उठायचं, न्याहारीच्या आधी फिरायला जायचं, ऊन अंगावर घ्यायचं, गार पाण्याने अंघोळ करायची, बागेत काम करायचं आणि रात्री नऊला दिवे बंद. दारू, तंबाखू, कॉफी वर्ज्य. कादंबरीकार थॉमस मान १९०९ मध्ये तिथे राहिले, आणि या जागेचं वर्णन त्यांनी आरोग्यशास्त्राचा तुरुंग अशा शब्दांत केलं. पण तुरुंगातून बाहेर पडताना बरं वाटत होतं, हेही त्यांनी नाकारलं नाही. इतकं चालणं, इतकी झोप आणि वर दारू-तंबाखू बंद, म्हटल्यावर सुधारणेचं श्रेय नेमकं कच्च्या गाजराला किती द्यायचं, हा प्रश्न उरतोच. आणखी एक गोष्ट खटकते. कामगारवस्तीत सुरू झालेल्या या वैद्यकाची फळं पुढे टेकडीवर मुख्यतः पैसेवाल्यांनीच चाखली.

या आरोग्यधामातला एक पदार्थ जगभर गेला. डोंगरात फिरताना एका गुराख्याने खाऊ घातलेल्या साध्या जेवणावरून तो सुचला, असं सांगतात. आज आपण त्याला म्यूसली म्हणतो आणि खोक्यातून ओततो. पण मूळ पदार्थ धान्याचा नव्हताच, तो सफरचंदाचा होता. एका माणसासाठी टेबलस्पूनभर ओट्स तीन चमचे पाण्यात रात्रभर भिजवायचे. त्यात चमचाभर लिंबाचा रस आणि चमचाभर गोड आटवलेलं डबाबंद दूध घालायचं. मग सालीसकट, अगदी गाभ्यासकट एक मोठं सफरचंद थेट त्या मिश्रणात किसायचं, किसता किसता ढवळायचं आणि वर हेझलनट किंवा बदामाची भरड पेरायची. ओट्स चमचाभर, सफरचंद जवळजवळ पावशेर! दूध डब्यातलं का? त्या काळी कच्च्या दुधातून क्षयाचे जंतू पसरत, म्हणून.

या कृतीत किती शहाणपण आहे ते पाहा. सफरचंद किसलं की पेशी फुटतात, हवेतला प्राणवायू आणि फळातलं विकर एकत्र येऊन ते काळं पडतं. लिंबाची आंबटाई त्या विकराचं काम मंदावते, लिंबातलं क जीवनसत्त्व काळेपणा रोखतं आणि दाट दुधाचा थर किसाला हवेपासून वाचवतो. त्यातल्या विकरांचा अभ्यास न करताही स्वयंपाकघराला हे साधलं होतं.

मग १९१२ साल उजाडलं. काझिमिर फंक यांनी अन्नातल्या अतिसूक्ष्म पण अत्यावश्यक घटकांसाठी ‘व्हिटॅमिन’ हा शब्द पुढे आणला. सेंट-ग्यॉर्गी यांनी वेगळा केलेला पदार्थ म्हणजेच क जीवनसत्त्व, हे १९३२ मध्ये ठरलं, आणि पुढच्याच वर्षी टाडेउस राइखश्टाइन यांनी ते प्रयोगशाळेत तयार केलं. कुठे? झ्युरिकमध्येच. सफरचंदात काहीच नाही म्हणणाऱ्यांचं माप अपुरं होतं, हे तेहेतीस वर्षांनी त्याच शहरात सिद्ध झालं.

पण बिर्खर-बेनर यांनी दिलेलं कारणही टिकलं नाही. अन्नात सूर्यप्रकाशाची शक्ती साठलेली असते, कच्च्या वनस्पतीत ती सर्वांत जास्त, शिजवल्यावर घटते आणि मांसात तळाला जाते, असा त्यांचा सिद्धान्त होता. उष्मागतिकीच्या नियमांचा आधार घेऊन त्यांनी अन्नाच्या पायऱ्या लावल्या होत्या. आपलं शरीर अन्नातून सूर्यप्रकाश काढून घेत नाही. थाळी बरोबर आणि तिचं स्पष्टीकरण चूक, असं विज्ञानात पुष्कळदा होतं. आणि स्पष्टीकरण चूक असलं की ते कधी ना कधी भलतीकडे नेतं. इथे ते उष्णतेच्या विरोधात गेलं. २४ जानेवारी १९३९ रोजी झ्युरिकमध्ये त्यांचं निधन झालं, तोवर कच्चं ते श्रेष्ठ यावरची त्यांची श्रद्धा ढळली नव्हती.

उष्णतेची बाजू आता आपल्याला नीट ठाऊक आहे. ती क जीवनसत्त्व आणि फोलेट कमी करते, हे खरंच. पण गाजर, लाल भोपळा, टोमॅटो यांच्यातली नारिंगी-लाल रंगद्रव्यं पेशींच्या टणक भिंतींत अडकलेली असतात. उष्णतेने त्या भिंती मऊ पडतात आणि रंगद्रव्यं शरीराला सहज मिळतात. भाजण्यात भाजीचा रस उकळत्या पाण्यासोबत फेकलाही जात नाही. पाणी उडून गोडवा दाटतो, आणि कडेला तांबूस रंग नि खमंग वास येतो. या रासायनिक क्रियेचं वर्णन लुई-कामिय माय्यार यांनी केलं, तेही १९१२ मध्येच. ही रंगद्रव्यं तेलात विरघळणारी असल्याने सोबत स्निग्धांश लागतो. अमेरिकेतल्या एका छोट्या अभ्यासात (तो २००४ मध्ये प्रसिद्ध झाला) चरबीविरहित ड्रेसिंग घातलेल्या सॅलडमधलं कॅरोटिन रक्तात जवळजवळ उतरलंच नाही. सॅलड कोरडं खाण्यात पुण्य मानणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं. आपल्याकडे भाजलेल्या वांग्यात दही कालवून भरीत करणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको.

म्हणजे भाजी भाजलेली, फळ कच्चं आणि वर स्निग्ध काहीतरी, ही जोडी सोयीची आहे. एकात जे घटतं ते दुसरं पुरवतं. चार माणसांसाठी पाव किलोहून थोडा जास्त लाल भोपळा, दोन गाजरं, एक ढोबळी मिरची आणि एक कांदा यांच्या सारख्या आकाराच्या फोडी करा. दीड टेबलस्पून तेल आणि मीठ चोळून २०० अंशांच्या ओव्हनमध्ये अर्धा तास भाजा. मध्ये एकदा उलटा. ओव्हन नसेल तर जाड बुडाच्या कढईत दोन वेळा, थोड्या थोड्या फोडी घेऊन परता. एकदम गर्दी केली तर त्या भाजत नाहीत, आपल्याच वाफेत शिजतात. कडा तांबूस झाल्या की थांबा. काळं करू नका. करपलेला भाग कडूही लागतो आणि पिष्टमय भाज्या फार भाजल्या की त्यांत ॲक्रिलामाइड हे नकोसं रसायन वाढतं.

ड्रेसिंगला वाटीभर चक्का, टेबलस्पूनभर साय, अर्ध्या लिंबाचा रस, मिरपूड, मीठ आणि भरड कुटलेले भाजके बदाम किंवा शेंगदाणे. सफरचंद सालीसकट, आयत्या वेळी, थेट या चक्क्यात चिरून टाका. झ्युरिकची युक्ती इथे कामी येते. मूठभर डाळिंबाचे दाणेही चालतील. भाज्या कोमट झाल्याखेरीज त्यात मिसळू नका, नाहीतर दही पातळ होतं. मधुमेह असेल तर फळाचं प्रमाण अर्धं ठेवा, आणि मूत्रपिंडाच्या विकारासाठी पोटॅशियमचं पथ्य असेल तर आधी डॉक्टरांना विचारा. मीठ फळाचं पाणी सोडवतं, म्हणून एकदा कालवलं की अर्ध्या तासात संपवा.