कार्विन जेम्स : खेळाडूचे गुरुजी

वेल्समधील केव्हनाइथिन या खाणगावात १९२९ साली एका कोळसा कामगाराच्या घरी कार्विन जेम्स जन्मले. रग्बीत ते तरबेज. पण त्यांच्याच जागी क्लिफ मॉर्गन खेळत असल्याने देशाकडून १९५८ मध्ये दोनच सामने मिळाले. पुढे ते वेल्श भाषेचे शिक्षक झाले. आपल्या मुलांना मराठी शिकविणाऱ्यांस त्यांचे हे काम वेगळे सांगावयास नको! मैदानावरही ते हुकूम न सोडता खेळाडूंना विचार करावयास लावीत. त्यांच्या हाताखाली ब्रिटिश लायन्स संघाने १९७१ मध्ये न्यूझीलंडला त्यांच्याच भूमीवर मालिकेत हरविले. १९७२ मध्ये लानेली क्लबनेही न्यूझीलंडला ९-३ असे हरविले. वेल्सचे प्रशिक्षकपद मात्र लाभले नाही. निवड समिती प्रशिक्षकाने ठरवावी, या मतावर ते अडून राहिले आणि १९७४ मध्ये त्यांनी नाव मागे घेतले. १९८३ मध्ये अॅमस्टरडॅम येथे ते वारले.