मोठ्या पगाराची आशा सोड, असं आईला कळवणारे आगरकर पुढे पगारवाढीच्या बाजूने का उभे राहिले?

गोपाळ गणेश आगरकर. जन्म १८५६ चा, कराडजवळच्या टेंभूचा. घरची गरिबी इतकी की शिक्षणासाठी कराड, रत्नागिरी, अकोला असं फिरावं लागलं. शेवटी पुण्याचं डेक्कन कॉलेज गाठलं.

त्या काळी एम.ए. झालेल्या माणसाला चांगल्या पगाराची सरकारी नोकरी मिळायची. आई त्याच दिवसाची वाट बघत होती. पण आगरकरांनी तिला पत्रातून कळवून टाकलं की मोठ्या पगाराची आशा धरू नकोस. पोटापुरतं मिळवणार आणि बाकीचा वेळ लोकांच्या कामाला देणार.

तसंच केलं. १८८१ मध्ये ते केसरीचे पहिले संपादक झाले, न्यू इंग्लिश स्कूलमध्ये शिकवू लागले. १८८२ मध्ये कोल्हापूर प्रकरणात टिळकांसोबत १०१ दिवस डोंगरीच्या तुरुंगात काढले. १८८४ मध्ये डेक्कन एज्युकेशन सोसायटी उभी राहिली. तिच्या आजीव सदस्यांनी कमी पगारावर काम करायचं ठरलं.

खरा पेच इथून सुरू झाला. आगरकरांचा संसार वाढला, त्यात दम्याचा आजार. पगार पुरेना. पगारवाढीचा विषय निघाला तेव्हा ते वाढीच्या बाजूने होते, तर टिळक विरोधात.

टिळकांचा मुद्दा सरळ होता. त्यागावर उभी राहिलेली संस्था पगार वाढवत गेली तर इतर नोकऱ्यांत आणि तिच्यात फरक काय उरणार?

पण दुसरी बाजूही तितकीच खरी होती. टिळकांना वडिलोपार्जित मिळकतीचा थोडाफार आधार होता, आगरकरांना नव्हता. पगार एकच असला तरी दोन्ही घरांना त्याची झळ सारखी बसत नव्हती. शिवाय त्यागाचा निर्णय आगरकरांचा होता, बायकामुलांना तो कुणी विचारला नव्हता.

पगार, बाहेरची कामं, सामाजिक सुधारणा अशा अनेक मुद्द्यांवर मतभेद वाढले आणि १८९० मध्ये टिळकांनी सोसायटी सोडली. पगार पुरत नव्हता तरी आगरकर मात्र तिथेच राहिले. सुधारक चालवला, १८९२ मध्ये फर्ग्युसन कॉलेजचे प्राचार्य झाले.

१७ जून १८९५ ला ते गेले. वय अवघं ३८. सांगतात की स्वतःच्या अंत्यविधीचे पैसे त्यांनी उशाशी पुडीत बांधून ठेवले होते. तो भार तरी घरच्यांवर पडू नये म्हणून.