टाटांचा रेशीम फार्म

जमशेदजी टाटा म्हटले की सर्वांना पोलाद आठवते. मला मात्र एक बसथांबा आठवतो. आम्ही राहतो सिल्वासाजवळ डोकमर्डीला. आजोळ बंगळूरजवळच्या रामनगरचे. वडिलांशी मराठी व आईशी कन्नड असा घरचा कारभार. एकदा मामांबरोबर बंगळूरच्या बसवनगुडी भागातून जाताना थांब्याचे नाव दिसले, टाटा सिल्क फार्म. कन्नड विभागातील मित्रांना ते ओळखीचे असेल. मला त्याचे कुतूहल वाटले.

जमशेदजींचा जन्म ३ मार्च १८३९ रोजी नवसारीस झाला. मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात शिकून ते वडिलांच्या व्यापारात शिरले. १ जानेवारी १८७७ रोजी नागपुरात त्यांची एम्प्रेस मिल सुरू झाली. कापसाने त्यांना नाव आणि पैसा दोन्ही दिले. तेवढ्यावर ते स्वस्थ बसले असते, तरी कोणी बोल लावला नसता.

म्हैसूर संस्थानात टिपू सुलतानाच्या काळापासून रेशीम होत असे. पण एकोणिसाव्या शतकात रोगांनी तो धंदा खचला. तुती होती, कष्टाळू माणसे होती. निरोगी किडा नव्हता. पेब्रिन हा रोग मादी पतंगाकडून अंड्यांत उतरतो, हे फ्रान्समध्ये लुई पाश्चर यांनी १८६५ नंतरच्या पाच वर्षांत दाखवून दिले. अंडी घातल्यावर मादी सूक्ष्मदर्शकाखाली तपासावी आणि रोग दिसल्यास तिची अंडी नष्ट करावीत, हा त्यांचा उपाय. जमशेदजी १८९३ साली जपानला जाऊन आले होते. शतक संपता संपता त्यांनी म्हैसूर सरकारच्या साहाय्याने बंगळूरला रेशीम फार्म उभारला व जपानी जाणकारांकडून शास्त्रीय कीटक-संगोपन शिकवण्याची सोय केली.

गिरणीमालकाने किड्यांच्या प्रकृतीत भांडवल का घालावे? वाणिज्य शाखेच्या विद्यार्थिनीला पडणाऱ्या या प्रश्नाचे उत्तर मला आजोळी मिळाले. मी शाळेत असताना मामांचे किडे चौथी कात टाकल्यावर, कोष विणायला आठवडा उरला असता, मलूल पडले. तीन आठवडे रात्रीचेही उठून पाला घातला होता. दोन दिवसांत सगळी बॅच खड्ड्यात पुरावी लागली. उरले ते कर्ज. मामी त्या रात्री रिकाम्या खोलीत झाडू मारीत राहिल्या. तेव्हापासून मामा निरोगी अंडीपुंज, चुना, ब्लीचिंग पावडर आणि स्वच्छ हात यांत तडजोड करीत नाहीत. रेशमाचा भाव बाजारात ठरतो. रेशीम निघेल की नाही, ते अंड्यात आणि संगोपनाच्या खोलीत ठरते.

जमशेदजी १९ मे १९०४ रोजी जर्मनीत निवर्तले. पोलादाचा कारखाना व बंगळूरची विज्ञान संस्था पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. रेशीम फार्म मात्र त्यांच्या हयातीत उभा राहिला. पुढे १९१० साली तो साल्व्हेशन आर्मीकडे गेला.

आमच्या सिल्वासा परिसरात कृत्रिम धाग्याचे कारखाने आहेत. तो धागा आजारी पडत नाही. रेशमाचा धागा मात्र एका जिवाच्या आरोग्यावर लोंबकळतो. नफ्याआधी त्या जिवाची काळजी घ्यावी लागते, हे जमशेदजींनी ओळखले होते. ताळेबंद शिकताना मला तो थांबा म्हणूनच आठवतो.