सावेदादांचा कॅमेरा

आपल्या मन्नाएखेळ्ळीच्या परिसरात जत्रा म्हटली की कुस्त्यांचा फड आलाच. लहान पोरांच्या रेवड्यांवरच्या कुस्त्यांपासून मानाच्या कुस्तीपर्यंत सारे गाव हलगीच्या ठेक्यावर उभे असते. भारतात चलच्चित्रणाचा आरंभ करणाऱ्या एका मराठी माणसानेही आपला कॅमेरा सर्वप्रथम कुस्तीवरच रोखला होता. त्यांचे नाव हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजेच सावेदादा. भारतीय माहितीपटाचे आद्य पुरुष म्हणून त्यांना ओळखले जाते. आपल्या मुलाबाळांना त्यांची ओळख व्हावी, म्हणून हा लेख.

सावेदादांचा जन्म १८६८ चा. मुंबईत त्यांचा छायाचित्रणाचा व्यवसाय होता. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलमध्ये ल्युमिएर बंधूंच्या चित्रफिती प्रथमच दाखवण्यात आल्या. स्टेशनात येणारी आगगाडी, समुद्रात डुंबणारी माणसे, कारखान्यातून बाहेर पडणारे कामगार अशी ती साधी दृश्ये होती. ती पाहून सावेदादा भारावून गेले. रोजच्या जगण्यातही पाहण्यासारखे किती असते, हे त्यांच्यातल्या छायाचित्रकाराने नेमके हेरले. त्यांनी इंग्लंडच्या रायली ब्रदर्स या कंपनीकडून २१ गिनी मोजून कॅमेरा मागवला.

१८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी या दोन मल्लांची कुस्ती त्यांनी चित्रित केली. त्या काळच्या फिती फारच छोट्या असत आणि आवाज टिपण्याची सोय नव्हती. फीत धुण्यासाठी बोटीने विलायतेला पाठवावी लागे. काय टिपले गेले, हे कळायला कित्येक आठवडे जात. कुस्ती लावता येते, पण डाव आधी सांगून पडत नाहीत. त्यामुळे चित्रण करणाऱ्याने एका जागी उभे राहून, समोर घडेल ते नीट पाहणे एवढेच त्याच्या हाती असते. पुढची फीत होती माकडांचे खेळ करणाऱ्या माणसाची. मदारी आणि त्याची माकडे आपल्या बाजारांतही सर्वांनी पाहिलेली आहेत.

मोठ्या प्रसंगांचे चित्रणही त्यांनी केले. केंब्रिजला गणितात सीनियर रँग्लर होण्याचा मान मिळवणारे पहिले भारतीय रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १९०१ च्या डिसेंबरात मायदेशी परतले, तेव्हा त्यांचे आगमन सावेदादांनी टिपले. भारतातील पहिला वार्तापट म्हणून त्याचा उल्लेख होतो. १९०३ मध्ये लॉर्ड कर्झन यांच्या दरबाराचेही चित्रण त्यांनी केले. पण सुरुवात झाली ती मल्लांपासून आणि मदाऱ्यापासून, हे आम्हाला विशेष वाटते.

निसर्गाकडे अशाच सबुरीने पाहिले ते दादासाहेब फाळके यांनी. ‘राजा हरिश्चंद्र’ १९१३ मध्ये पडद्यावर आला. त्याआधी १९१२ मध्ये त्यांनी कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरून, रोज थोडे थोडे चित्रण करत त्याचा वेल कसा वाढतो हे दाखवले होते. पेरलेले उगवेपर्यंत वाट पाहणे आपल्या शेतकऱ्यांना काही नवे नाही.

सावेदादांनी पुढे चित्रीकरण सोडले आणि मुंबईच्या गेइटी थिएटरचे व्यवस्थापन सांभाळले. १९५८ मध्ये त्यांचे निधन झाले. त्यांच्या फिती आज पाहायला मिळत नाहीत. तरीही पुंडलिक दादा आणि कृष्णा न्हावी ही दोन नावे आजही घेतली जातात, ती एका माणसाने त्यांच्यासमोर कॅमेरा उभा केला म्हणून. त्या काळी आपल्या निजाम राज्यातल्या फडांतही नामांकित मल्ल असतीलच. त्यांची नावे आज किती घरांत ठाऊक आहेत?

आपल्या घरोघरी आता मोबाइल आहेत. लग्नाचे, बारशाचे व्हिडिओ आपण हौसेने काढतो. पण वेळ अमावस्येला शेतात कोप मांडणारे आजोबा, भज्जी आणि आंबील करणारी आजी, तुरीच्या रानात जेवायला बसलेली पंगत, यांच्याकडे बघा म्हणून सांगितले की सगळे ताठ होऊन उभे राहतात. आमची सर्व कुटुंबांना विनंती आहे की, या वेळ अमावस्येला कुणाला उभे करू नका, हसायला सांगू नका. जरा बाजूला बसून, जे चालले आहे ते पाच मिनिटे तसेच टिपा. आणि सावेदादांना जी सोय नव्हती, ती आपल्याला आहे. आजीच्या तोंडची कानडी आणि दखनी शब्दांची सरमिसळ असलेली मराठी पुढच्या पिढीच्या कानी पडायची असेल, तर तिचा आवाजही जपून ठेवा. टिपताना घरातल्या प्रत्येकाचे नाव आणि तारीख लिहून ठेवायला मात्र विसरू नका.