कुरणशाळेच्या ताराबाई

आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारी मी पहिलीच. आई चौथीनंतर म्हशींमागे माळावर गेली, ती पुन्हा शाळेत आली नाही. म्हणूनच ताराबाई मोडकांचे चरित्र वाचताना मी कुरणशाळेपाशी अडले.

ताराबाई माहेरच्या केळकर. जन्म १८९२ चा, मुंबईतला, घर प्रार्थनासमाजी. आईवडील लवकर गेले, तरी १९१४ साली त्या बी. ए. झाल्या. अमरावतीचा संसार मात्र टिकला नाही. १९२१ साली लहान मुलीला घेऊन त्या वेगळ्या झाल्या. राजकोटला स्त्रियांच्या ट्रेनिंग कॉलेजच्या प्राचार्या झाल्या, आणि ती मानाची नोकरी सोडून १९२३ मध्ये भावनगरला गिजुभाई बधेकांच्या बालमंदिरात गेल्या. मुलांचे मन हाच तेथून त्यांचा अभ्यास. १९२६ साली नूतन बालशिक्षण संघ, १९३६ साली दादरचे शिशुविहार.

पन्नाशी उलटल्यावर, १९४५ साली, त्या बोर्डीला खेड्यात आल्या. सोबत अनुताई वाघ. वस्तीतली मुले बालवाडीत येईनात, तेव्हा बालवाडीच त्यांच्या अंगणात नेली, तीच अंगणवाडी. १९५७ साली कोसबाडला वारल्यांच्या मुलांत त्या गेल्या. तिथली पोरे गुरांमागे जात, म्हणून शाळाही कुरणात गेली. माँटेसरीबाईंची महाग साधने तिथे कुठली? खडे, शिंपले, बिया, पाने यांवरच मोजणे-निवडणे शिकवले.

माँटेसरीपद्धत शुद्ध राखावी असे मानणाऱ्याला ही मोडतोड वाटेल. मोजूनमापून केलेल्या साधनाचे काम खडा करील का? हा वाद जाणकारांनी मिटवावा. माझी शंका निराळी. शाळा गुरांमागे नेली म्हणजे मूल गुरांमागेच ठेवले, असे नाही का झाले? त्यांना गुरांपासूनच सोडवायला नको होते?

१९६२ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. १९७३ मध्ये त्या वारल्या. पुढे १९७५ साली सरकारी बालविकास योजना आली आणि तिच्या केंद्रांना अंगणवाडी हेच नाव मिळाले. मी लहानपणी जिथे गेले तिथली खिचडी मला आठवते, खडे-शिंपले आठवत नाहीत.

माझी शंका मी आईला विचारली. भाकरी थापता थापता ती हसली. बाई शिकवत असताना म्हैस कुणाच्या उसात शिरली तर मार कोण खाणार, असे तिने उलट मलाच विचारले. थोड्या वेळाने मात्र, त्या कुरणात पोरींनाही बसवत होते का, असे विचारले. होय म्हणाले. मग ती काही बोलली नाही.