अँडर्स सेल्सिअस आणि शून्याखालचे अंश

आपल्या गावात पारा शून्याखाली कधी जात नाही. म्हणूनच की काय, ऋण दशांश अपूर्णांकांची तापमानावरील शाब्दिक उदाहरणे दिसली, की भर थंडीतही अनेकांना घाम फुटतो! गंमत अशी, की ज्यांच्या नावाचे अंश आपण मोजतो, त्या सेल्सिअस यांच्या मूळ मापनश्रेणीत थंडीसाठी ऋण संख्या लागतच नव्हती.

अँडर्स सेल्सिअस यांचा जन्म २७ नोव्हेंबर १७०१ रोजी स्वीडनमधील उप्साला येथे झाला. वडील खगोलशास्त्राचे प्राध्यापक. आजोबाही गणित आणि खगोलशास्त्राचे जाणकार. हा वारसा चालवत सेल्सिअस १७३० मध्ये उप्साला विद्यापीठात खगोलशास्त्राचे प्राध्यापक झाले. १७३६ मध्ये ते फ्रेंच शास्त्रज्ञांबरोबर लॅपलँडच्या बर्फाळ प्रदेशात मोजणीसाठी गेले. पृथ्वी ध्रुवांपाशी चपटी आहे, या न्यूटनच्या मताला त्या मोजणीने पुष्टी मिळाली.

त्या काळी तापमापक पुष्कळ होते. पण प्रत्येकाचे अंश निराळे. त्यामुळे दोन गावांच्या तापमानांची तुलना करणे कठीण जाई. सेल्सिअस यांनी बर्फ वितळण्याचा आणि पाणी उकळण्याचा बिंदू कसून तपासला. हवेच्या दाबानुसार उत्कलनबिंदू बदलतो, हेही त्यांनी विचारात घेतले. १७४२ मध्ये त्यांनी या दोन बिंदूंमधील अंतराचे १०० समान भाग केले. मात्र उकळत्या पाण्याला ० आणि गोठणाऱ्या पाण्याला १०० अंश दिले! म्हणजे थंडी वाढली, की आकडाही वाढणार.

२५ एप्रिल १७४४ रोजी, वयाच्या अवघ्या ४२ व्या वर्षी क्षयरोगाने त्यांचे निधन झाले. पुढे लवकरच ही श्रेणी उलटी करण्यात आली. शून्य गोठणबिंदूवर आले आणि कडाक्याची थंडी शून्याखाली गेली. १९४८ मध्ये या अंशाला अधिकृतपणे सेल्सिअस हे नाव मिळाले.

आता एक उदाहरण पाहू. पहाटे तापमान उणे १२.५ अंश होते. दुपारपर्यंत ते ८.७ अंशांनी वाढले. तर दुपारचे तापमान किती? घाईत काही जण बेरीज करून उणे २१.२ लिहितात. पण वाढल्यावर तापमान आणखी थंड कसे होईल? शून्यापर्यंत पोहोचायला १२.५ अंश हवे होते, चढले ८.७, म्हणजे ३.८ अंश कमी पडले. उत्तर उणे ३.८ अंश.

हेच सेल्सिअस यांच्या मूळ श्रेणीने करून पाहा. पहाटे ११२.५ अंश, त्यातून ८.७ वजा केले, की १०३.८ अंश. गोठणबिंदूच्या १०० पेक्षा हे ३.८ ने जास्त, म्हणजे तितकेच अंश थंड. उत्तर तेच!

शून्य कुठे मांडायचे, हे माणूस ठरवतो. ऊब आणि थंडी त्याने बदलत नाही. उणे चिन्ह फक्त आपण शून्याच्या कोणत्या बाजूला आहोत ते सांगते. म्हणून उदाहरण सोडवताना आधी वहीत एक उभी रेघ काढा, तिच्यावर शून्य मांडा आणि मगच आकडेमोड करा.